अपील आधी, वसुली नंतर

समजा, तालुक्याच्या गावी धान्याची आडत असलेल्या एका व्यापाऱ्याने नोटाबंदीच्या दिवसांत, नोव्हेंबर-डिसेंबर २०१६ मध्ये, २५ लाख रुपये रोख बँकेत भरले. खरिपाचा माल नुकताच उठला होता आणि ही रोकड विक्रीचीच आहे, असे त्याचे म्हणणे. आयकर अधिकाऱ्याला ते पटले नाही. त्याने सगळी रक्कम खुलासा न झालेली रोकड धरली आणि अशा रकमेवर जबर कर लावणारे आयकर कायद्याचे कलम ११५बीबीई लावले. ६० टक्के कर, त्या करावर २५ टक्के अधिभार, त्यावर त्या वर्षीचा ३ टक्के उपकर, असे मिळून ७७.२५ टक्के होतात. म्हणजे कर झाला १९,३१,२५० रुपये. आदेश डिसेंबर २०१९ मध्ये निघाला असेल, तर एप्रिल २०१७ पासूनच्या ३३ महिन्यांचे दरमहा १ टक्का व्याज सुमारे ६,३७,३०० रुपये. एकूण मागणी सुमारे २५,६८,५५० रुपये. बँकेत भरलेल्या रकमेपेक्षा आयकराची मागणीच मोठी.

ही रक्कम डिमांड नोटीस हाती पडल्यापासून ३० दिवसांत भरायची असते. अपिलाची मुदतही तेवढीच. अपील केले म्हणून वसुली आपोआप थांबत नाही. ती थांबवण्यासाठी वेगळा अर्ज लागतो. त्या अर्जावर बहुतेक वेळा एकाच ओळीचे उत्तर येते: मागणीच्या २० टक्के भरा, मग बघू. आपल्या व्यापाऱ्याच्या बाबतीत ते होतात ५,१३,७१० रुपये. त्याचे म्हणणे खरे की खोटे, हे अजून कोणत्याही अपिली अधिकाऱ्याने तपासलेले नाही.

या लेखाचे म्हणणे एवढेच आहे की कर कायद्याने लागतो की नाही, हे ठरवणारी पहिली स्वतंत्र पायरी म्हणजे पहिले अपील. ती पायरी होईपर्यंत वसुली थांबवणे हा करदात्याचा हक्क असला पाहिजे. आज ती अधिकाऱ्याच्या मर्जीवर सोडलेली सवलत आहे, आणि त्या मर्जीची जागाही २० टक्क्यांच्या ठरावीक आकड्याने घेतली आहे.

आयकर कायदा, १९६१ मधले कलम २२०(६) मुळात काय म्हणते ते बघा. अपील दाखल झाले असेल, तर ते निकाली निघेपर्यंत वादातल्या रकमेपुरते करदात्याला थकबाकीदार समजू नये, असे अधिकारी आपल्या विवेकाने, योग्य त्या अटी घालून ठरवू शकतो. या कलमात २० हा आकडा कुठेही नाही. (१ एप्रिल २०२६ पासूनच्या नव्या आयकर कायद्यात कलमांचे क्रमांक बदलतात, पण आधीच्या वर्षांची प्रकरणे जुन्याच कायद्याने चालतात, म्हणून इथे जुने क्रमांक दिले आहेत.) आकडा आला तो केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाच्या कार्यालयीन सूचनांतून. २ डिसेंबर १९९३ ची सूचना क्रमांक १९१४ ही मूळ. २९ फेब्रुवारी २०१६ च्या ज्ञापनाने तीत १५ टक्के घातले आणि ३१ जुलै २०१७ ला त्याचे २० केले.

२०१६ चे ते ज्ञापन नीट वाचले तर त्याची भाषा करदात्याच्या बाजूची आहे. ठरलेला टक्का भरला की पहिले अपील निकाली निघेपर्यंत अधिकाऱ्याने स्टे, म्हणजे वसुलीला स्थगिती, द्यायचाच आहे. हाच मुद्दा आधीच्या वर्षी अपिलात करदात्याच्या बाजूने लागला असेल, किंवा सर्वोच्च न्यायालयाचा वा आपल्या उच्च न्यायालयाचा निकाल त्याच्या बाजूने असेल, तर त्याहून कमी रकमेसाठी प्रकरण प्रधान आयुक्तांकडे पाठवायचे. उलट बाजूही आहे. तोच मुद्दा वरच्या पातळीवर करदात्याच्या विरोधात गेला असेल किंवा छाप्यात भक्कम पुरावा सापडला असेल, तर जास्त रक्कम मागता येते. अर्ज दोन आठवड्यांत निकाली काढायचा, आणि आयुक्तांकडे गेलेले प्रकरणही दोनच आठवड्यांत. व्यवहारात यातला फक्त २० हा आकडा उरला. 'कमी रकमेसाठी वर पाठवा' हा परिच्छेद कुणी उघडत नाही. ज्याने २० टक्के भरले त्यालाही लेखी स्टे वेळेवर मिळतोच असे नाही.

न्यायालयांनी हे पुन्हा पुन्हा सांगितले आहे. एलजी इलेक्ट्रॉनिक्सच्या प्रकरणात जुलै २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की या ज्ञापनामुळे अधिकाऱ्याचे हात बांधले जात नाहीत आणि तो २० टक्क्यांहून कमी रकमेवर स्टे देऊ शकतो. मुंबई उच्च न्यायालयाने हुमुझा कन्सल्टंट्सच्या प्रकरणात २०२३ मध्ये, आणि दिल्ली उच्च न्यायालयाने नॅसकॉमच्या प्रकरणात २०२४ मध्ये, २० टक्के भरणे ही स्टेच्या अर्जाची पूर्वअट नाही असे सांगितले. तरीही दर मार्चमध्ये त्याच एका ओळीचे आदेश निघतात, कारण आदेश चुकला म्हणून अधिकाऱ्याचे काही बिघडत नाही. वसुलीचे उद्दिष्ट चुकले तर मात्र त्याला विचारणा होते.

एक जुनी गोष्ट आज फारशी कुणाच्या लक्षात नाही. १९६९ च्या मे महिन्यात मोरारजी देसाई उपपंतप्रधान आणि अर्थमंत्री असताना खासदारांच्या सल्लागार समितीत त्यांनी एक भूमिका घेतली. अधिकाऱ्याने ठरवलेले उत्पन्न करदात्याने दाखवलेल्या उत्पन्नाच्या दुप्पट किंवा त्याहून जास्त असेल आणि करदात्याची स्वतःची कसूर नसेल, तर वादातल्या कराची वसुली अपिलाचा निकाल लागेपर्यंत थांबवावी. मंडळाने २१ ऑगस्ट १९६९ च्या सूचना क्रमांक ९६ मधून ती सगळ्या अधिकाऱ्यांना कळवली. पुढे १९९३ च्या सूचना क्रमांक १९१४ मुळे ही सूचना रद्द झाली की टिकली, यावर बरेच खटले झाले आणि दिल्ली उच्च न्यायालयाने काही निकालांत ती टिकते असेच धरले. मोरारजींची ओळख करदात्यांवर मेहेरनजर ठेवणारा अर्थमंत्री अशी कधीच नव्हती. कर वसूल करण्याबाबत कडक असलेल्या माणसालाही एवढे दिसत होते की दाखवलेल्या उत्पन्नाची दुप्पट-तिप्पट होते तेव्हा अधिकाऱ्याचा अंदाज चुकण्याची शक्यता खूप वाढते. आडतीच्या उदाहरणात उत्पन्न ४-५ लाखांवरून एकदम ३० लाखांच्या आसपास जाते. नेमकी अशीच प्रकरणे १९६९ ला डोळ्यांसमोर होती, आणि आज त्यांनाच २० टक्के सर्वांत जड जातात.

दुसरे उदाहरण महाराष्ट्रात गावोगावी सापडेल. सहकारी पतसंस्थेने सहकारी संस्थांसाठी असलेली कलम ८०पी ची वजावट घेतली, अधिकाऱ्याने ती नाकारली आणि संपूर्ण नफ्यावर कर लावला. सर्वोच्च न्यायालयाने १२ जानेवारी २०२१ ला मविलायी सेवा सहकारी बँकेच्या निकालात सांगितले आहे की रिझर्व्ह बँकेचा बँकिंग परवाना नसलेली पतपुरवठा करणारी सहकारी संस्था कलम ८०पी(४) मुळे वजावटीला मुकत नाही. मागणी नेमक्या या एकाच कारणावर उभी असेल, तर ज्ञापनाप्रमाणेच ती कमी रकमेकडे, खरे तर शून्याकडे जायला हवी. पण पतसंस्थेकडूनही २० टक्के मागितले जातात, आणि ते पैसे असतात सभासदांच्या ठेवींचे.

फेसलेस, म्हणजे समोरासमोर न येता ऑनलाइन चालणारी पद्धत आल्यापासून गुंता वाढला आहे. निर्धारणाचा, म्हणजे कर ठरवण्याचा, आदेश देणारे युनिट कुठल्या शहरात बसले आहे ते करदात्याला कळत नाही. अपील राष्ट्रीय फेसलेस अपील केंद्राकडे जाते. मागणीची रक्कम मात्र स्थानिक, म्हणजे अधिकारक्षेत्रातल्या अधिकाऱ्याच्या नावावर पडून असते आणि स्टेचा अर्ज त्याच्याकडे करावा लागतो. त्याने तो आदेश लिहिलेला नसतो, फाइल वाचलेली नसते, तरी 'प्रथमदर्शनी' बाजू त्यानेच जोखायची. आणि परताव्यातून मागणी वळती करण्याचे काम बंगळुरूचे केंद्रीय प्रक्रिया केंद्र करते, ज्याला स्टे मिळाल्याचे आपोआप कळेलच असे नाही. चार ठिकाणची ही कामे एकमेकांशी जोडण्याची जबाबदारी ज्याचे पैसे अडकले आहेत त्याच्यावर येऊन पडते.

म्हणून अर्ज करणाऱ्याने काही गोष्टी काटेकोर पाळायला हव्यात. अर्ज ३० दिवसांच्या आत द्यायचा. ३१ व्या दिवशी करदाता कायद्याने थकबाकीदार होतो आणि कलम २२१ चा दंडही दारात उभा राहतो. अपील उशिरा दाखल केले असेल, तर उशीर माफ होईपर्यंत ते खऱ्या अर्थाने 'दाखल' नाही, असे अधिकारी म्हणतो आणि त्याचे म्हणणे अगदीच चुकीचे नसते. 'अपील केले आहे, कृपया स्टे द्यावा' एवढाच अर्ज असेल तर तो फेटाळला जाणारच. अर्जात मागणीचे तुकडे पाडावेत: कोणत्या मुद्द्यावर किती उत्पन्न वाढवले, त्यावर किती कर, किती व्याज, आणि कोणत्या मुद्द्याला कोणता निकाल लागू पडतो. मान्य असलेला भाग असेल तर तो आधी भरून चलन जोडावे. आर्थिक अडचण शब्दांत सांगून भागत नाही. त्या तारखेची सगळ्या खात्यांची शिल्लक, कॅश क्रेडिटची मर्यादा आणि वापर, येणी-देणी, महिन्याचा पगार, कर्जाचे हप्ते, हे सगळे दोन पानी तक्त्यात द्यावे. हप्ते मागायचे असतील तर किती आणि कोणत्या तारखेला ते स्वतःच लिहावे. त्यासाठी कलम २२०(३) वेगळे आहे. तारण देता येत असेल तर मालमत्तेचा तपशील द्यावा.

अर्ज ईमेलने पाठवला तरी पोर्टलवर मागणीला उत्तर देणे वेगळे आणि अत्यंत गरजेचे आहे. 'मागणी मान्य नाही' हा पर्याय निवडून अपिलाचा क्रमांक आणि स्टेच्या अर्जाची प्रत तिथे चढवायची. हे राहिले की पुढच्या वर्षीचा रिफंड पूर्णच्या पूर्ण वळता होतो. रिफंड वळता करण्याआधीची कलम २४५ ची सूचना आल्यावर उत्तराला २१ दिवस मिळतात, आणि ही सूचना कित्येकदा सी.ए.च्या जुन्या ईमेलवर जाऊन पडते. ज्ञापनात रिफंड वळता करण्याची मुभा फक्त स्टेसाठी लागणाऱ्या रकमेपुरती आहे. दिल्ली उच्च न्यायालयाने २० टक्क्यांच्या वर वळती केलेली रक्कम परतही करायला लावली आहे. पण लहान करदात्याने ८० हजारांच्या रिफंडसाठी उच्च न्यायालयात जायचे कसे?

सगळ्यात जास्त नुकसान होते ते बँक खात्यावर टाच येते तेव्हा. कलम २२६(३) खाली बँकेला नोटीस जाते. बँकेने ती पाळली नाही तर बँकच थकबाकीदार ठरते, त्यामुळे शाखा व्यवस्थापक क्षणभरही थांबत नाही. चालू खात्यातून पैसे काढणे बंद होते. त्या दिवशी वटायला आलेले धनादेश परत जातात. शेतकऱ्याला दिलेला धनादेश एकदा परत गेला की बाजार समितीत त्या आडत्याची पत गेली. ती नंतर स्टे मिळाला म्हणून परत येत नाही. नोटिशीची प्रत करदात्याला पाठवणे कायद्यातच आहे, तरी खाते गोठल्याची पहिली बातमी सहसा बँकेकडूनच कळते. कॅश क्रेडिटच्या खात्यातली न वापरलेली मर्यादा ही बँकेने ग्राहकाला देणे असलेली रक्कम नसते. मद्रास उच्च न्यायालयाने हे फार पूर्वीच सांगितले. पण नोटीस आली की शाखेत त्या खात्यालाही कुलूप लागते.

या बाबतीत मुंबई उच्च न्यायालयाने दोन निकालांतून जवळजवळ नियमावलीच घालून दिली आहे. केईसी इंटरनॅशनलच्या प्रकरणात २००१ मध्ये सांगितले की स्टेच्या अर्जावरच्या आदेशात करदात्याची बाजू थोडक्यात मांडून कारणे द्यावीत, आणि अर्ज फेटाळला तर वर दाद मागायला वाजवी वेळ मिळेपर्यंत वसुली करू नये. यूटीआय म्युच्युअल फंडाच्या प्रकरणात २०१२ मध्ये पुढे गेले: अपिलाची मुदत संपेपर्यंत, स्टेचा अर्ज निकाली निघेपर्यंत आणि त्यानंतरही वाजवी काळ वसुली नको, आणि बँकेतून पैसे काढण्यापूर्वी करदात्याला आधी कळवावे. हे निकाल महाराष्ट्रातल्या आणि गोव्यातल्या प्रत्येक आयकर अधिकाऱ्यावर बंधनकारक आहेत. ज्या करदात्याला त्यांची नावे माहीत आहेत तो अर्जात ती लिहितो आणि वसुलीतून सुटतो. बाकीच्यांना हे नियम कायद्याच्या मजकुरात सापडत नाहीत, म्हणूनच ते तिथे लिहिले गेले पाहिजेत.

पहिल्या अपिलाच्या अधिकाऱ्याकडे थेट स्टे मागण्याची स्पष्ट तरतूद कलमात नाही. अधिकारी नाही म्हणाला तर प्रधान आयुक्त, आयुक्त नाही म्हणाले तर संविधानाच्या कलम २२६ खाली उच्च न्यायालयात रिट. सांगलीच्या किंवा रत्नागिरीच्या माणसाला १८ ऑगस्ट २०२५ ला कोल्हापूरचे सर्किट बेंच सुरू होईपर्यंत त्यासाठी मुंबईलाच जावे लागत होते. पाच लाखांच्या २० टक्क्यांसाठी, म्हणजे एक लाखासाठी, वकिलाची फी आणि हेलपाटे परवडत नाहीत, म्हणून बहुतेक जण कर्ज काढून भरून मोकळे होतात. दुसऱ्या अपिलात, आयकर अपिली न्यायाधिकरणात, ५०० रुपये शुल्क भरून स्टे मागता येतो. तिथेही २०२० च्या वित्त कायद्याने किमान २० टक्के भरणे किंवा तेवढे तारण ही अट थेट कायद्यात घातली. स्टेची मुदत १८० दिवस, ती वाढून जास्तीत जास्त ३६५. करदात्याचा दोष नसला तरी ३६५ दिवसांनंतर स्टे आपोआप संपेल, ही २००८ ची दुरुस्ती सर्वोच्च न्यायालयाने पेप्सी फूड्सच्या प्रकरणात ६ एप्रिल २०२१ ला मनमानी ठरवून मोडून काढली. निकाल द्यायला न्यायाधिकरणाला वेळ लागला तर शिक्षा करदात्याला का, हा तिथला साधा प्रश्न होता. तोच प्रश्न पहिल्या अपिलालाही लागू आहे. कायदा म्हणतो की शक्यतो अपील दाखल झालेल्या आर्थिक वर्षानंतर एक वर्षात पहिले अपील निकाली काढावे. प्रत्यक्षात लाखोंनी अपिले तुंबली आहेत आणि तीन-चार वर्षे ही नेहमीची गोष्ट झाली आहे.

सरकारची बाजूही खरी आहे आणि ती बाजूला सारता येणार नाही. डनलॉप इंडियाच्या प्रकरणात १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने महसुलाला सरसकट स्थगिती देणाऱ्या न्यायालयांना कडक शब्दांत समज दिली होती. सरकार बँक हमींवर चालत नाही, हा तिथला मुद्दा होता. अपील केले की वसुली थांबते एवढेच कायद्यात लिहिले, तर बोगस बिलांवर खर्च दाखवणारेही अपील करतील, दरम्यान मालमत्ता बायको-मुलांच्या नावे करतील आणि निकाल लागेपर्यंत खात्यात काहीच उरणार नाही. ही भीती काल्पनिक नाही. पण अशांसाठी कायद्यात आधीच हत्यार आहे. कलम २८१बी खाली आदेशाच्या आधीच मालमत्तेवर तात्पुरती टाच आणता येते. लबाडाला धरायचे साधन असताना सगळ्यांकडून आगाऊ रक्कम घेण्याचे कारण उरत नाही.

काहीतरी रक्कम भरूनच घ्यायची असेल, तर जीएसटीतली पद्धत निदान सरळ आहे. तिथे पहिल्या अपिलासाठी वादातल्या कराच्या १० टक्के भरले की उरलेल्या रकमेची वसुली कायद्यानेच थांबलेली समजली जाते. वेगळा अर्ज नाही, कुणाच्या टेबलासमोर उभे राहणे नाही. हे १० टक्के करावर आहेत, तर आयकरात व्याज मिळवून झालेल्या पूर्ण मागणीवर २० टक्के काढले जातात. जीएसटीत दोष असा की अगदी उघड चुकीच्या मागणीवरही १० टक्के भरल्याशिवाय अपीलच उभे राहत नाही. आयकरात मात्र दोन्हीकडून कोंडी आहे: टक्का भरायचा, आणि तरी आदेशाची वाट पाहायची.

टक्का किती असावा, हा वाद दुय्यम आहे. १५ चा २० झाला. तो १० वर आणला तरी, भरल्यावर स्टे आपोआप लागू होणार नसेल आणि उघड चुकीच्या मागणीला शून्याची वाट नसेल, तर अडचण तशीच राहते. कायद्यात हवे ते असे. अपील दाखल करून फक्त मूळ कराचा ठरलेला टक्का भरला, की उरलेली वसुली अपिलाच्या निकालापर्यंत थांबलेली समजावी. उत्पन्न दाखवलेल्याच्या दुप्पट किंवा जास्त ठरवले असेल, किंवा मुद्दा वरच्या न्यायालयाने करदात्याच्या बाजूने सोडवलेला असेल, तर काहीही न भरता तोच परिणाम व्हावा, आणि तसे नसल्याचे कारण लेखी देण्याची जबाबदारी अधिकाऱ्यावर असावी. स्टेचा अर्ज पडून असताना आणि फेटाळल्यावर १५ दिवस बँकेला नोटीस जाऊ नये, आणि गेली तर ती निरर्थक समजावी.

आणि व्याज. स्टे मिळाला तरी कलम २२०(२) चे व्याज थांबत नाही, हे पुष्कळांना निकाल विरुद्ध गेल्यावर कळते. आपल्या आडत्याने ५,१३,७१० रुपये भरले तरी उरलेल्या २०,५४,८४० रुपयांवर दरमहा १ टक्का, म्हणजे २०,५४८ रुपये चढत राहतात. चार वर्षांनी तो हरला तर सुमारे दहा लाखांचे हे ओझे मूळ मागणीवर येते, आणि त्यातला बराचसा उशीर अपील केंद्रात झालेला असतो. तो जिंकला तर त्याचे पैसे कलम २४४ए खाली दरमहा अर्धा टक्का व्याजाने परत मिळतात, म्हणजे महिन्याला २,५६८ रुपये, आणि दरम्यान त्याने ते पैसे पतसंस्थेकडून याच्या कितीतरी पट महागाने घेतलेले असतात. पहिल्या अपिलाला एक वर्ष उलटून गेले की त्यापुढच्या महिन्यांचे व्याज करदात्यावर लावू नये. उरलेल्या काळासाठी दोन्ही बाजूंना एकच दर ठेवावा. तो अर्धा टक्का असावा की एक, ते सरकारने ठरवावे.